जिवंत छातीवर एक दिवस

मित्रांनो, मला सहा पाय आहेत, पण मी आजवर एक पाऊलही चाललो नाही. हिरव्या दगडातून कोरलेला एक जुना भुंगेरा आहे मी, तुमच्या मुठीत मावेन एवढा. वय तीन हजार वर्षांच्या पुढे. नेमकं सांगता येत नाही, कारण त्यातली बहुतेक वर्षं मी अंधारात काढली.

माझा जन्म इजिप्तमधला. शेणाचा गोळा ढकलत नेणारे भुंगेरे तिथे लोक रोज पाहत. सूर्यालाही असंच कुणीतरी आकाशातून ढकलत नेत असेल, असं त्यांना वाटे. म्हणून ते आमच्यासारखे दगडी भुंगेरे अंगठीत बसवत, गळ्यात बांधत. माझे ते धाकटे भाऊ जिवंत माणसांसाठी होते. मी मोठा होतो, जड होतो आणि माझ्या पोटावर बारीक अक्षरं होती.

त्या लोकांची समजूत अशी होती, की माणूस मेला की त्याचं हृदय तराजूत घालतात. एका पारड्यात हृदय, दुसऱ्यात एक पीस. हृदय जड भरलं, तर ते खायला मगरीच्या तोंडाचा एक प्राणी शेजारीच बसलेला असे. आणि हृदयाला तर आपलं सगळंच ठाऊक असतं. त्याने तिथे आपल्या धन्याच्या चुका सांगून टाकल्या तर? तसं होऊ नये, अशी विनवणी माझ्या पोटावर लिहिली होती. मला एका मेलेल्या माणसाच्या छातीवर ठेवलं, वरून कापडाच्या पट्ट्या गुंडाळल्या आणि दार बंद केलं.

खाली छाती होती, पण ती हलत नव्हती. मी सारखा कान देऊन ऐकत असे. काहीच ऐकू येत नसे. मग एकदा हातोड्यांचे घाव ऐकू आले, मशाल दिसली, कुणीतरी मला ओरबाडून काढलं आणि त्यात माझी एक कड उडाली.

पुढे मी बोटीने इंग्लंडला आलो. एका साहेबाच्या कपाटात राहिलो, मग एका संग्रहालयात. कड फुटलेली, म्हणून काचेमागे मला जागा मिळाली नाही. माझ्या धडधाकट भावंडांपुढे लोक रांगा लावत आणि मी खणात पडून असे. शेवटी मला एका निळ्या पेटीत घातलं. ती पेटी शाळांना आठवडाभरासाठी देत. स्पंजात माझ्या आकाराचा खड्डा कापला होता. मुलांनी मला हातात घ्यायचं, उलटून पाहायचं, परत खड्ड्यात ठेवायचं. मला ते आवडू लागलं होतं.

२००६ च्या ऑक्टोबरमध्ये आमची पेटी ब्रिस्टलच्या एका शाळेत गेली. त्या वर्गात आश्लेषा नावाची नऊ वर्षांची मुलगी होती. मी तिच्या हातात आलो, तेव्हा तिचा तळवा घामाने ओला होता. तिचे बाबा यतीन हे विमानांच्या कारखान्यात इंजिनिअर. लहानपणी नागपूरला त्यांना सांध्यांचा ताप आला होता आणि त्यात हृदयाची एक झडप खराब झाली होती. ती येत्या गुरुवारी बदलायची होती. हे सगळं मला नंतर कळलं.

त्या मंगळवारी तिच्या बाई, मिस हॅरिस, वर्गाला सांगत होत्या, "हा भुंगेरा हृदयाचं रक्षण करायचा." तेवढ्यात जेवणाची घंटा झाली आणि पुढचं सांगणं उद्यावर राहिलं. वर्ग रिकामा झाला. आश्लेषा एकटी मागे वळली. तिने मला उचललं आणि कार्डिगनच्या खिशात टाकलं.

घरी तिची आजी होती, लीलावती. मुलाच्या ऑपरेशनसाठी ती नागपूरहून आली होती.

"आजी, हे मिसने दिलंय. बाबासाठी. हा हार्टला प्रोटेक्ट करते."

आजीने चष्मा लावला. "अगं बाई, हा तर शेणकिडा. तुझ्या मिसला दुसरं काही मिळालं नाही?"

"इजिप्तचा आहे, आजी. खूप ओल्ड."

"इतका जुना? मग गुण असणारच."

आजीने आणखी काही विचारलं नाही. शाळेतल्या बाईंनी दिलेलं आणि त्यात इतकं जुनं, एवढं तिला पुरेसं होतं. माझ्या आरपार एक बारीक भोक आहे. पूर्वी त्यात सोन्याची तार होती. आजीने त्यातून नागपूरहून आणलेला काळा दोरा ओवला आणि मला यतीनच्या गळ्यात बांधलं. गाठींवर गाठी, सात.

"आई, उद्या अ‍ॅडमिट व्हायचंय. वजन करताना हा दगडही धरतील."

"धरू देत. एकदा तरी ऐक माझं."

मी त्याच्या छातीवर टेकलो आणि मित्रांनो, माझा थरकाप झाला. माझ्याखाली धप् असा आवाज झाला, त्यामागून काहीतरी घसरल्यासारखा दुसरा, मग पुन्हा धप्. ते हृदय होतं. मला जिवंत माणसाचं काही येत नाही. माझ्या पोटावर जे लिहिलंय, ते मेलेल्यांसाठी. याआधी मी ज्या एकाच छातीवर राहिलो, ती थांबलेली होती. आता हीही माझ्याखाली थांबली तर? प्रत्येक ठोक्यानंतर मी पुढच्याची वाट पाहत होतो. मला तोंड असतं, तर मी ओरडून सांगितलं असतं, की मला इथून काढा.

बुधवारी संध्याकाळी पाच वाजता आजी आणि आश्लेषा हॉस्पिटलमध्ये आल्या. आश्लेषाची आई डॉक्टरांशी बोलायला गेली होती. आश्लेषा पलंगाजवळ आलीच नाही. दप्तर पोटाशी धरून भिंतीला टेकून उभी राहिली.

"काय गं, बाबा नको झाला का?" यतीन म्हणाला. "या नळ्या नुसत्या शोभेला लावल्यात."

ती हसली नाही. तेवढ्यात नर्स आली आणि माझ्याकडे बोट दाखवून म्हणाली, की गळ्यात हे चालणार नाही. पण आजींची इच्छा असेल, तर उद्या मनगटाला बांधून वरून चिकटपट्टी लावू, ऑपरेशनच्या खोलीतही राहील. यतीनने ते आजीला मराठीत सांगितलं. आजीने समाधानाने मान हलवली.

"नको," आश्लेषा म्हणाली. "तो काढा. आत्ता काढा."

"का गं?"

तिने दप्तरातून चुरगळलेला कागद काढला. त्या दिवशी वर्गात वाटलेला. त्यातली एक ओळ तिने बोट ठेवून वाचली. "इट वॉज लेड ऑन द चेस्ट ऑफ द डेड."

आजीला इंग्रजी फारसं येत नव्हतं. शेवटचा शब्द मात्र कळला.

"मेलेल्याच्या अंगावरचा?"

"मला माहीत नव्हता, आजी. आणि मिसने नाही दिला. मी घेतला. न विचारता."

आजी ताडकन उठली. तिची बोटं गाठींवर आली, पण तिनेच मारलेल्या त्या सात गाठी इतक्या घट्ट होत्या, की एकही सुटेना. नखं दोऱ्यावरून घसरत होती. माझ्याखाली ठोके भराभर पडू लागले. बाजूचं यंत्रही भराभर वाजू लागलं. नर्सने यंत्राकडे पाहिलं, मग आजीकडे, आणि खिशातली कात्री काढून एका झटक्यात दोरा कापला. मी पांघरुणावरून घरंगळत काठाला आलो. खाली फरशी होती. यतीनने मला पकडलं.



"तीन रात्री मी झोपलो नाहीये," यतीन म्हणाला. तो माझ्याकडे पाहत होता, पण सांगत होता त्यांना. "तुम्ही घाबरू नये म्हणून जोक मारत होतो. मला उद्याची फार भीती वाटते, आई."

"मग मला नाही वाटत होय?" आजी खुर्चीत बसली. "त्या भीतीनेच तर बांधला. कुणाचा, कुठला, विचारलंसुद्धा नाही." मग ती नातीकडे वळली. "आणि तू तिकडे काय उभी? ये इकडे."

आश्लेषा पलंगावर चढली आणि बाबाच्या दंडाला बिलगली. पलंगावर बसू नका, असं सांगायला नर्सने तोंड उघडलं होतं. पण तिने नुसता पडदा ओढून घेतला.

गुरुवारी सकाळी आजी साडीवर कोट घालून नातीबरोबर शाळेत आली. मिस हॅरिसना तिने मराठीतच सांगितलं, "घेतला हिने, पण बांधला मी." आश्लेषाने पहिला अर्धा भागच इंग्रजीत सांगितला.

"माझंही सांग," आजी म्हणाली. "एवढं कळतं मला."

मिस हॅरिसचे डोळे लाल होते. माझा खड्डा रिकामा दिसल्यावर त्यांना संग्रहालयाला कळवावं लागलं होतं आणि ही पेटी पुन्हा शाळांना मिळणार नाही, अशी चिन्हं होती. त्यांनी आधी ऑपरेशनची वेळ विचारली. मग पेटी उघडून म्हणाल्या, "तूच ठेव त्याला." आश्लेषाने मला दोन्ही हातांनी खड्ड्यात बसवलं. झाकण बंद झालं. आत तोच जुना अंधार होता. त्या तासाला यतीनची छाती उघडत असतील, हे मला माहीत होतं. गुरुवार गेला, शुक्रवार गेला. शनिवार-रविवारी तर वर्गात कुणीच नव्हतं.

सोमवारी झाकणापलीकडून आश्लेषाचा आवाज आला. ती मैत्रिणीला इंग्रजीत सांगत होती, की बाबाची नवी झडप वाजते. जवळ बसलं की टिकटिक ऐकू येते. पहिल्या दिवशी तर आजी उशीखाली शोधत होती, म्हणे कुणाचं तरी घड्याळ इथे विसरलंय.

माझी पेटी अजून शाळांमध्ये फिरते. संग्रहालयाने ती थांबवली नाही. मित्रांनो, मी तुमच्या वर्गात आलो, तर मला जरूर हातात घ्या. माझी एक कड गेलेली आहे, तेवढं सांभाळून धरा आणि बघून झालं की माझ्या जागी ठेवा. पण कधी भीती वाटली, तर ती माझ्यावर सोपवू नका. दगडाला ती पेलत नाही. ती घरातल्या माणसाला सांगा, त्याच दिवशी, आणि भिंतीपाशी उभं राहून नको, त्याच्या जवळ जाऊन बसून सांगा. बहुतेक तोही कुणीतरी विचारण्याची वाट पाहत असेल.