जप्तीतून परत आलेली खुर्ची

मी एक जुनी खुर्ची आहे, केशकर्तनालयातली. लोखंडी पाय, लाल रेक्झिनची बैठक आणि मान टेकायला उशी. मला बनवणाऱ्या कारागिराने पायाशी असा खटका बसवला, की तो दाबताच मी वर चढते. मित्रांनो, माझा तोरा काय सांगू, भल्याभल्यांनी माझ्यात बसून मान तुकवली आहे.

माझे मालक म्हणजे गल्लीतले दादा. लहान मुलं आली की ते माझ्या दोन्ही हातांवर फळी टाकून त्यांना वर बसवत. एक पोरगा तर कात्री दिसली की भोकाड पसरायचा. दादा म्हणायचे, "मान सैल सोड रे. तुझे कान तुझ्याकडेच राहतील."

पुढे दुकान नवं करायला दादांनी बँकेचं कर्ज काढलं आणि मला तारण ठेवलं. त्याच वर्षी पाइप टाकायला गल्ली खणली, ती खणलेलीच राहिली. चिखल तुडवत दाढीला कोण येणार? हप्ते थकले. एक दिवस बँकेचे वसुली अधिकारी टेम्पो घेऊन दारात उभे. पाहते तर काय, हा तोच भोकाड पसरणारा पोरगा.

"दादा, माझाही नाइलाज आहे," ते खाली बघत म्हणाले.

"न्या साहेब," दादा म्हणाले. दादांनी त्याला 'साहेब' म्हटलं, ते मला फार लागलं.

गोदामात मी धूळ खात पडले. इकडे दादा स्वयंपाकघरातल्या स्टुलावर गिऱ्हाइकं बसवत होते. मान टेकायला जागा नाही, म्हणून दाढीवाले येईनासे झाले. दुकानावर पाणी सोडावं लागणार, या धास्तीने वहिनींचा डोळा लागत नव्हता. शेवटी त्यांनीच दादांना कोर्टात अर्ज करायला लावला. तिथे काय झालं, ते दादा गिऱ्हाइकांना अजून सांगतात, दर वेळी थोडं तिखटमीठ लावून.

न्यायाधीश बाईंनी बँकेच्या वकिलांना विचारलं, "ही खुर्ची विकून कर्ज फिटेल?"

"नाही."

"मग खुर्चीवाचून हे हप्ता कशातून भरतील?"

वकील कागद चाळू लागले. बाईंनी हुकूम दिला: खुर्ची परत करा, दंडाचं व्याज सोडा, हप्ता निम्मा करून मुदत वाढवा. "कर्ज माफ झालेलं नाही," त्या दादांना म्हणाल्या. "पुन्हा हप्ता चुकला, तर दुकान जाईल."

मी घरी आले. वहिनींनी मला पुसलं, दादांनी खटक्याला तेल घातलं. एव्हाना गल्लीही बुजवून झाली होती, त्यामुळे सकाळपासून माझी बैठक गार पडत नसे. साहेब मात्र शरमेने दुसरीकडे केस कापायला जात, आणि काय ते ध्यान दिसे.

परवा ते दारात येऊन घुटमळले. दादांनी माझ्यावर टॉवेल झटकला. साहेब बसले खरे, पण गळ्याशी वस्तरा येताच काठीसारखे ताठ झाले.

"मान सैल सोड रे," दादा म्हणाले. "हप्ता सकाळीच भरलाय."

साहेब आधी हसले, मग चक्क घोरू लागले. मित्रांनो, माझं मागणं एवढंच. माझ्यासारखीला अधूनमधून तेल घाला, आणि अडलेल्याच्या हातातलं हत्यार काढून घेऊ नका. ते त्याच्यापाशी राहिलं, तर तो तुमचं देणंही फेडतो आणि दाढीही गुळगुळीत करून देतो.