हावरीच्या पोटातला पहारेकरी

मी एक जुना लोहचुंबक आहे. मित्रांनो, चुंबक म्हटले की तुमच्या डोळ्यांपुढे घोड्याच्या नालेसारखी लाल वस्तू येते. मी तसा नाही. मी तुमच्या मधल्या बोटाएवढा लांब, दोन्ही टोकांना गोल आणि रंगाने करडा आहे. दिसण्यात काही राम नाही. माझा पत्ता मात्र खास आहे. मी एका गाईच्या पोटात राहतो.

हसू नका. गाय घास चावून चावून खाते असे तुम्हाला वाटत असेल, तर ते साफ चूक आहे. ती आधी भराभर गिळते आणि मग निवांत बसून रवंथ करते. गिळताना चाऱ्यातून खिळा आला की तारेचा तुकडा आला, याचा तिला पत्ताही नसतो. ते लोखंड पोटाच्या दुसऱ्या कप्प्यात जाऊन पडते. तिथून हृदय फार लांब नाही. तार टोचत टोचत पुढे सरकली की गाय हातची गेली. म्हणून माझ्यासारख्याला तिच्या घशातून आत सोडतात. मी त्या कप्प्यात पडून राहतो आणि येईल ते लोखंड धरून ठेवतो. बस्स, एवढीच माझी नोकरी. सुट्टी नाही, बढती नाही.

माझा जन्म एका कारखान्यात झाला. धातूंची पूड साच्यात दाबली, भट्टीत भाजली, घासूनपुसून गुळगुळीत केली आणि शेवटी मला चुंबकत्व दिले. आम्ही भावंडे एका खोक्यात इतकी घट्ट चिकटून बसलो होतो की, आम्हाला सोडवताना गुरांच्या डॉक्टरबाईंचे बोट चिमटले आणि त्यांनी आम्हाला एक सणसणीत शिवी दिली. जगाने मला मारलेली ती पहिली हाक. पुढे कोणी माझे नाव ठेवले नाही, आणि मलाही त्याचे काही वाटले नाही. लोखंड सोडून जगात मला काही ओढत नाही. माझा स्वभावच तसा आहे.

गाईचे नाव मात्र होते. तिला सगळे हावरी म्हणत. ती समोर येईल ते गिळायची. एकदा तिने डॉक्टरबाईंचा हातमोजा गिळायला घेतला होता, तो अर्ध्यातून ओढून काढावा लागला. तेव्हाच बाई म्हणाल्या, "हिच्या पोटात चुंबक हवाच. ही बाई काय खाईल याचा नेम नाही."

गोठ्याची मालकीण म्हणजे वहिनी. तिला वहिनी म्हणणारा खरे तर एकटा तिचा धाकटा दीर, पण तो दिवसातून इतक्यांदा हाक मारायचा की दूध न्यायला येणारेही तिला वहिनी म्हणू लागले. तिचा नवरा दुधाचा टँकर चालवायचा, त्यामुळे तो घरी कमी आणि रस्त्यावर जास्त. गोठा वहिनीचा. रस्त्याच्या टोकाला पशुखाद्याची गिरणी होती, ती दिराची. त्याला ती भावजी म्हणायची.

भावजी म्हणजे बडबडीचे पोते. पोटात राहून मला बाहेरचे दिसत काही नसे, पण ऐकू सगळे येई, आणि निम्मे आवाज भावजींचेच असत. ते गोळी पेंडीची पोती टाकायला येत आणि हावरीच्या पाठीवर हात ठेवून जगाचा कारभार सांगत बसत.

"वहिनी, तुम्हाला वाटतं ही पेंड माझ्या गिरणीतून येते. अहो, ही सोयाबीन समुद्रापलीकडून येते. तिकडे पाऊस पडला नाही की इकडे हिच्या टोपलीत खडखडाट."

"मग इकडचंच काहीतरी घाला ना."

"इकडे जागा कुठे आहे? तिकडे जंगलं तोडून शेतं केलीत, तेव्हा कुठे जगातल्या गाई, कोंबड्या, डुकरांना पुरतंय."

"म्हणजे हावरीनं जंगल खाल्लं म्हणा की. तरीच तिचं पोट भरत नाही."

मी आत बसून याचा पडताळा घेत होतो. पेंडीबरोबर माझ्याकडे कुंपणाच्या काटेरी तारेचा तुकडा आला. तो इथल्या तारेसारखा नव्हता. कोणत्या तरी नव्या शेताभोवती लावलेली तार असावी. मक्याबरोबर गंजाचे पापुद्रे आले, ते जहाजाच्या पोटातले. एकदा तर चक्क मासे धरायचा गळ आला. गाय आणि गळ! भावजी पेंडीच्याच यंत्रावर मत्स्यशेतीचे खाद्यही काढत. छोटे मासे दळून मोठ्या माशांना घालायचे, असा तो धंदा. पुढे समुद्रात छोटे मासेच कमी पडू लागले, मग भावजी अळ्यांच्या पिठाच्या गोष्टी सांगू लागले. "शी!" म्हणून वहिनी बादली घेऊन निघून गेली.

असे सगळे जग घासाघासाने माझ्याकडे येत होते आणि मी ते अंगावर चिकटवून घेत होतो. मला त्याचे ना सुख ना दुःख.

एकदा एक विक्रेता आला. त्याच्याकडे ढेकर कमी करणारी भुकटी होती. गाईंच्या ढेकरांतल्या वायूने पृथ्वी तापते, असे तो म्हणाला. ते खरेच आहे. हावरीच्या ढेकरांनी मी रोज हादरत असे, त्यामुळे मला त्या भुकटीत रस होता.

वहिनीने विचारले, "दूध वाढेल का?"

"तसं नाही, पण जग वाचेल."

"जग वाचवायचं तर जगाकडून घ्या पैसे. माझ्या एकटीच्या डोक्यावर कशाला?"

विक्रेता हसला. भुकटी घेऊन आला होता तसाच परत गेला.

सुरुवातीला माझे कौतुक झाले. डॉक्टरबाई लस टोचायला आल्या की हावरीच्या पुढच्या पायामागे होकायंत्र धरत. सुई गर्रकन फिरली की म्हणत, "आहे बरं का पहारेकरी जागेवर!" मग वहिनी हावरीला थोपटायची. ती थाप माझ्यापर्यंत पोचायची. नंतर नंतर होकायंत्र खिशातून निघेनासे झाले. मी आहे हे सगळ्यांना ठाऊक होते, आणि जे आहे असे ठाऊक असते त्याच्याकडे कोण बघतो?

मग कुठेतरी लढाई सुरू झाली आणि बंदरे बंद पडली. जहाजाचे भाडे गगनाला भिडले. सोयाबीन महागली, मका महागला. वहिनीने दोन कालवडी विकल्या. भावजींची बडबड आठवडाभर बंद होती, आणि मला गोठा अगदी ओका ओका वाटला, हे मी कबूल करतो.

एके दिवशी भावजी उड्या मारतच आले. "वहिनी, मार्ग सापडला! शिळा पाव! शहरातल्या बेकऱ्या आणि दुकानं रोज गाड्या भरभरून पाव, बिस्किटं फेकून देतात. ते उकिरड्यावर कुजतं. आपण ते वाळवून, दळून खाद्यात घालायचं. जंगल तोडायला नको, जहाज नको."

कल्पना चांगली होती. मी आजही तेच म्हणेन. माणसाच्या तोंडचे वाया गेलेले अन्न गाईच्या पोटात जावे, यात वावगे काहीच नाही. पहिले काही महिने गिरणीच्या अंगणात बायका बसत आणि एकेक पुडा फाडून पाव वेगळा काढत. खाद्य गोडसर होते. हावरी तर टोपली चाटून पुसून ठेवायची.

पण मागणी वाढली. रस्त्यावरचे सगळे गोठे पाव मागू लागले. मग भावजींनी यंत्र आणले. ते पुड्यासकट पाव चिरायचे आणि हवेच्या झोताने वेष्टनाचे तुकडे उडवून टाकायचे. बहुतेक उडवायचे. उरलेल्या चिंध्या पावाच्या चुऱ्यात मिसळून आत येऊ लागल्या.

मी त्या पाहिल्या. चकचकीत, पातळ, कोणावर फुलाचे चित्र, कोणावर हसऱ्या मुलाचा अर्धा चेहरा. त्या माझ्यावरून सरकत गेल्या. मी जमेल तेवढा जोर लावला. माझ्या जोराचा त्यांच्याशी काही संबंधच नव्हता. त्या शेजारच्या मोठ्या कप्प्यात जमल्या, एकमेकींत गुंतल्या आणि त्यांचा गोळा होऊ लागला.

एक दिवस हावरीने टोपलीकडे पाठ फिरवली. हावरीने! वहिनीचा आधी विश्वासच बसेना. दूध आटले. रवंथ थांबले. डाव्या बाजूचे पोट नगाऱ्यासारखे फुगले. डॉक्टरबाई आल्या, त्यांनी खूप दिवसांनी होकायंत्र काढले. सुई फिरली.

"चुंबक आहे, म्हणजे तारेची भीती नाही," त्या म्हणाल्या. "अपचन दिसतंय. औषध देते. आणि मऊ खाऊ घाला."

मऊ म्हणजे काय? पाव! वहिनी स्वतःच्या हाताने पावाच्या चुऱ्याचे गोळे हावरीला भरवू लागली. मित्रांनो, राखणदार आहे म्हणून दार सताड उघडे टाकावे, तसे झाले. मी होतो, म्हणूनच कोणी दुसरा विचार केला नाही. तेव्हा मला पहिल्यांदा बोलता यावे असे वाटले. फार वाटले.

औषधाने गुण येईना. पुढच्या फेरीत डॉक्टरबाईंनी पोटावर हात दाबून बराच वेळ काही चाचपले आणि म्हणाल्या, "वहिनी, पोट उघडावं लागेल. वाचेलच असं सांगत नाही. पण नाही उघडलं तर जाणार, हे नक्की."

"उघडा," वहिनी म्हणाली.

गाईला उभी ठेवूनच हे काम करतात. भावजींनी हावरीचे डोके धरले. कुशीपाशी बधिर करून बाईंनी चीर दिली, खांद्यापर्यंत मोजा घातलेला हात आत घातला, आणि इतक्या वर्षांनी माझ्यावर उजेड पडला. आधी मी बाहेर आलो. माझ्या अंगावर खिळे, तारा, गळ, गंज असा सगळा पसारा होता.

"बघा, किती धरलंय यानं!" बाई म्हणाल्या.

त्यांनी मला बादलीत ठेवले आणि पुन्हा हात घातला. त्या ओढू लागल्या. चिंध्यांचा गोळा संपता संपेना. ओला, घाण, माणसाच्या डोक्याएवढा. त्यांनी तो जमिनीवर टाकला तेव्हा हसऱ्या मुलाचा अर्धा चेहरा वर आला. भावजींनी तो पाहिला. त्यांनी हावरीचे डोके सोडले नाही.

बाईंनी मला खरवडून, धुऊन स्वच्छ केले. "परत ठेवू?"

वहिनीने विचारले, "हा प्लास्टिक धरतो का हो?"

"नाही. फक्त लोखंड."

"ठेवा. त्याचं काम त्यानं केलं." मग ती दिराकडे वळली. "भावजी, ही पोती आणखी कुठे कुठे गेलीत?"

भावजी खाली बघत म्हणाले, "सगळीकडे. पण वहिनी, लोकांना सांगितलं तर धंदा बसेल."

"बसू दे. धंदा बसला तर उठवता येतो. बसलेली गाय उठत नाही. तुम्ही जाता, की मी जाऊ?"

भावजी गेले. बाईंनी मला आत ठेवले, टाके घातले आणि पुन्हा अंधार झाला. वहिनी हावरीपाशी बसून राहिली. तिच्या पाठीवरून ती हात फिरवत होती. मी वाट पाहत होतो. लोखंड सोडून मला काही ओढत नाही असे मी मघाशी सांगितले. त्या दिवशी तरी ते खरे नव्हते. दुसऱ्या दिवशी दुपार कलल्यावर माझ्या आजूबाजूच्या भिंती किंचित हलल्या. थांबल्या. पुन्हा हलल्या. एक घास वर चढला आणि हावरी रवंथ करू लागली. बाहेर वहिनी रडता रडता हसत होती.

भावजी संध्याकाळी आले. वहिनी ओरडली, "भावजी, हावरीनं रवंथ धरलं!"

"बरं झालं," ते म्हणाले आणि गप्प राहिले. भावजी गप्प!

"काय झालं? लोक रागावले का?"

"काही रागावले. काहींनी पोती अंगणात फेकली. त्याचं काही नाही." ते उंबऱ्यावर टेकले असावेत. "वळणावरच्या आजोबांची एकच गाय होती ना. ती परवाच गेली. आजारी होती म्हणून त्यांनी तिला आपला पावच भरवला, शेवटपर्यंत. मी त्यांना सगळं सांगितलं, वहिनी. ऐकून घेतलं त्यांनी. आणि मला चहा दिला."

वहिनीचा हात हावरीच्या पाठीवर थांबला. हावरीचे रवंथ तेवढे चालू होते.

आता गिरणीत पाव येतो, पण यंत्राच्या आधी बायकांचे हात येतात. भावजीही त्यांच्यात बसून पुडे फाडतात. खाद्य थोडे महाग पडते आणि गिऱ्हाईक पूर्वीइतके नाही. आजोबांना भावजींनी एक कालवड नेऊन दिली. त्यांनी ती ठेवून घेतली, पण तिच्यासाठी गिरणीतून एक मूठही खाद्य आणले नाही.

मित्रांनो, मी काही उपदेश करणारा नाही. चुंबकाने कोणाला काय शिकवावे? पण तुमच्या घरी पाव शिळा झाला आणि तो टाकायची वेळ आली, तर त्याचे वेष्टन आधी काढा आणि वेगळे टाका. तो पुडा कुठे कुठे फिरेल, कोणत्या गिरणीत जाईल आणि कोणत्या हावरीच्या टोपलीत पडेल, हे तुम्हाला कधीच कळणार नाही. मी आत आहे, जागा आहे. तरी तेवढे तुम्हीच करा. मला ते धरता येत नाही.