एल्डन टेटची मैदानातली जागा

कॅनडातल्या रेजिनात निवृत्त माणसाला हिवाळ्यात दोनच कामं असतात: बर्फ शोव्हल करणं, म्हणजे फावड्याने उपसणं, आणि शोव्हल करणाऱ्याला सल्ले देणं. मी दुसरं करतो. पहिलं शेजारचा एल्डन टेट करायचा, त्र्याहत्तराव्या वर्षीही, त्याच्या दारातलं आणि माझ्याही. २०१७च्या जानेवारीत मात्र तो अर्धा ड्राइव्हवे साफ करून थांबला आणि फावडं धरून उभाच राहिला. म्हणाला, कशाला बाहेर आलो ते आठवत नाही. डॉक्टरांच्या मते, तरुणपणी डोक्याला बसलेल्या धडका आता बोलत होत्या.

एल्डन फुटबॉल खेळायचा. अमेरिकन, म्हणजे ज्यात पायाचा संबंध कमी. त्यात क्वार्टरबॅक म्हणजे ज्याच्या हातात चेंडू येतो आणि तो कुणाकडे फेकायचा हे जो ठरवतो, तो. कॉलेजात एल्डन तोच होता. १९६७ साली अमेरिकेतल्या एका व्यावसायिक संघाने त्याला घेतलं आणि सांगितलं, तू छान पळतोस, तू रिसीव्हर हो. म्हणजे दुसऱ्याने फेकलेलं पकड. काळ्याने पळावं, विचार गोऱ्याने करावा, अशी कामाची वाटणी होती. एक हंगाम त्याने पकडलं. मग कॅनडात आला आणि पश्चिमेच्या एका संघाचा पहिला काळा क्वार्टरबॅक झाला. नऊ वर्षं फेकलं.

आता त्या अमेरिकन संघाचं पत्र आलं होतं. त्या हंगामाला पन्नास वर्षं झाली म्हणून सत्कार, आणि स्टेडियमच्या भिंतीवर पाटी: ‘एल्डन टेट, रिसीव्हर’.

मी विनोदी लेख लिहिणारा, म्हणून उत्तर लिहायचं काम माझ्याकडे आलं. “एवढंच लिही,” एल्डन म्हणाला. “तो शब्द बदला. नाहीतर मी येत नाही.”

सत्कार नाकारणारा माणूस मी मराठी मंडळाच्या चाळीस वर्षांत पाहिलेला नाही. नारळ नासका निघाला तरी आम्ही घेतो. टिम हॉर्टन्समध्ये कॉफी पिताना यादवरावांना म्हटलं, “एका शब्दासाठी काय अडून बसायचं?” यादवराव नागपूरचे, निवृत्त इंजिनिअर, इथल्या आंबेडकर असोसिएशनचे जुने कार्यकर्ते.

“तुमची पाटी कोणी बदलली होती का, हेमचंद्रराव?”

“नाही.”

“मग कॉफी प्या.” कप खाली ठेवून तेच पुढे म्हणाले. “माझी पहिली नोकरी इंजिनिअरची होती. ऑर्डरमध्ये. खुर्ची दिली स्टोअरमध्ये, खिळे मोजायला. साहेब म्हणायचे, तुमचा हात प्रामाणिक आहे.”

“मग?”

“मग काय. इकडे आलो. इथं थंडी राहते, बाकी काही नाही.”

मी पत्र लिहिलं. तीन आठवड्यांनी उत्तर आलं: आमच्या नोंदींत रिसीव्हरच आहे. सोबत संमतीचा फॉर्म, सही तेवढी करायची.

एल्डनच्या स्वयंपाकघरात टेबलावर तो फॉर्म, त्याच्या हातात पेन. त्याच्या मुलीने विमानाची तिकिटंही बघून ठेवली होती. यादवराव खिडकीपाशी उभे. एल्डन बराच वेळ त्या शब्दाकडे बघत राहिला. चेहऱ्यावर काहीच नव्हतं. राग दिसला असता तर मला बरं वाटलं असतं.

“हेम,” तो म्हणाला, “मी पकडायचो का फेकायचो?”

यादवरावांनी माझ्याकडे पाहिलं नाही. ‘पकडायचास’ म्हटलं की सही झाली असती. मुलगी खूश, साठ हजार माणसं उभी राहून टाळ्या वाजवणार. आयुष्यभर मी गमतीसाठी खोटं लिहिलं, छापून आणलं. हे तर दयेपोटी बोलायचं होतं, आणि एकच शब्द.

“फेकायचास,” मी म्हणालो. “नऊ वर्षं.”

हवामानाचा अंदाज ऐकावा तशी त्याने मान हलवली आणि पेनाला टोपण लावलं.

“मग हे दुसऱ्या कुणाचं असेल. परत पाठव. तो वाट बघत असेल.”

पाकिटावर मी लिहिलं, या नावाचा रिसीव्हर इथे राहत नाही. यादवरावांनी गाडी काढली. पोस्टाच्या पेटीचं झाकण गोठून बसलं होतं. आम्ही तिघांनी आळीपाळीने ओढलं, बोटं बधिर होईपर्यंत. मग ते उघडलं.