दालचिनी पावाचं विरजण

माझ्या नवऱ्याने माझ्या खमिराची धिरडी करून खाल्ली. वर मलाच विचारतो, "पीठ जरा जास्तच आंबलं होतं का गं?"

अवधूत चाकणहून पहिली शिफ्ट करून भुकेला आला होता, हे मान्य. पण पाव फुगवण्यासाठी रोज मैदा घालून मी जपलेलं ते खमीर! त्यात त्याने मिरची-कोथिंबीर कालवली आणि रिकामी बरणी धुऊनही ठेवली. एरवी स्वतःचा चहाचा कप उचलत नाही. मी भयंकर चिडले.

कारण अबोली सकाळी येणार होती. आमची लेक नोकरीसाठी चेन्नईला गेली, त्यानंतर पहिल्यांदाच, तेही एका दिवसासाठी. फोनवर म्हणाली होती, "आई, इथे झोपच लागत नाही गं. आल्यावर तुझा दालचिनीचा पाव खायचाय." पाव सकाळी भाजायचा, तर पीठ आत्ताच भिजवायला हवं. रात्रभर फुगावं लागतं.

मग आठवलं, खालच्या मंजुळामावशींना मी वाटीभर खमीर दिलं होतं. मावशी भोसरीतल्या जुन्या घराण्यातल्या. आमची इमारत त्यांच्याच जागेवर. 'पावाचं इरजण' म्हणत त्यांनी ते ज्वारीच्या पिठावर वाढवलं होतं. वाटी घेऊन मी धावत खाली गेले.

त्या नुकत्याच देवापुढे दिवा लावून उठल्या होत्या. "दिवं लागल्यावर इरजण घराभाईर जात न्हाई, ताई."

"मावशी, पण ते माझंच आहे!"

"आसंल. आता माझ्या घरात हाय."

मी तणतणत वळले. डोळ्यांत पाणीच आलं. तेवढ्यात मागून हाक आली, "आगं, इरजण जात न्हाई, पर पिठानं आत यायला कुणाची ना हाय? आन हिकडं."

मैदा, लोणी, गूळ, दालचिनी घेऊन मी त्यांच्या ओट्यापाशी उभी राहिले. त्यांनी खमीर ओतलं, मी मळलं. गूळ-दालचिनी पसरून गुंडाळी मात्र त्यांनीच केली, अळुवडीसारखी घट्ट, आणि डब्यात घालून रात्रभर आपल्याकडेच ठेवली.

उजाडताच मावशी डबा कडेवर घेऊन दारात हजर. "दोनदा उठून बगितलं. चांगला फुगलाय."

अबोली आली तेव्हा मावशी तिथेच होत्या आणि पाव ओव्हनमधून निघतच होता. तिने कापायचीही वाट पाहिली नाही. तोडून, फुंकून, उभ्यानेच अर्धा संपवला. मग सोफ्यावर टेकली आणि बोलता बोलता झोपली, बोटांना गूळ तसाच. हात पुसायला मी तिला उठवणार, तर मावशींनी माझं मनगट धरलं. आम्ही दोघी तिच्याशेजारी बसून राहिलो. इतकं बरं मला कित्येक दिवसांत वाटलं नव्हतं.