शिंजिराचा शॉट

संकलकाने कानांवरचे हेडफोन काढले आणि दिग्दर्शकापुढे धरले.

पडद्यावर शिंजिर पक्ष्याची मादी होती. खिडकीबाहेरच्या, कपडे वाळत घालायच्या तारेला लोंबणाऱ्या इवल्याशा घरट्यात चोच घालून ती पिल्लांना भरवत होती. माणसांच्या घरांना लगटून जगणाऱ्या जिवांवरचा हा त्याचा माहितीपट. जंगलांत वर्षानुवर्षं पायपीट करून जे हाती लागलं नव्हतं, ते वडिलांच्या खोलीच्या खिडकीत सापडलं होतं. शेवट याच शॉटवर करायचा, हे त्याने कधीच ठरवून टाकलं होतं.

त्याने हेडफोन लावले. आधी पंखांची फडफड. मग मागून खणखणीत हाक.

"अरे, आहेस का? जरा उठवतोस मला?"

पुन्हा तीच हाक, आता थोडी अजीजीची. आणि लगेच, कॅमेऱ्याच्या अगदी जवळून, दातओठ खाऊन काढलेला त्याचाच आवाज.

"श्श! बाबा, तोंड बंद ठेवाल का जरा?"

पुढे नुसतं पाखरू. चित्र तसूभरही हललं नव्हतं.

चित्रीकरणाच्या त्या दुपारी वडिलांची ओली चादर बदलावी लागली होती. "वय झालं आता त्यांचं," असं तोच बायकोला म्हणाला होता.

"काढून टाकतो मी," संकलक पडद्याकडेच बघत म्हणाला. "दुसऱ्या शॉटमधली शांतता आहे. ती लावू."

"लाव," तो म्हणाला. हेडफोन परत देताना त्याने संकलकाकडे बघायचं टाळलं.

घरी बायकोने दार उघडलं.

"बाबांचा घसा दाखवून आणला आज. काही झालेलं नाही म्हणे. कधीपासून नुसते कुजबुजतायत, आणि डॉक्टर म्हणतात, घसा ठणठणीत!"

चप्पल काढता काढता तो तसाच वाकून राहिला.

"काय झालं?"

"काही नाही," म्हणत तो आतल्या खोलीत गेला. वडील उशीला टेकून बसले होते.

"झालं का रे काम?" त्यांनी कुजबुजत विचारलं.

"मोठ्याने बोला ना, बाबा. पिल्लं उडून गेली कधीच."

"सवय झाली रे. आणि मोठ्याने सांगण्यासारखं उरलंय काय?" ते ओठांतल्या ओठांत हसले. "दाखव तरी. खोली माझी, खिडकी माझी, आणि नायिका परस्पर पळवलीस."

लॅपटॉपवर जुनी, काहीच न काढलेली प्रत होती. आवाज बंद करायला त्याचं बोट पुढे गेलं आणि तिथेच थांबलं. ते त्याने मागे घेतलं.

"केवढा आ वासलाय बघ! खादाड लेकाचा," वडील पिल्लाला म्हणाले.

मग पहिली हाक आली. पांघरुणावरचा त्यांचा हात थबकला. मुलगा जमिनीकडे बघत राहिला. दुसरी हाक आली.

वडिलांनी पडद्यावरची नजर काढली नाही, पण या वेळी त्यांचा आवाज खोलीभर घुमला.

"अरे, तो म्हातारा हाका मारतोय ना. जा की आधी. पाखरू काय, बसेल तिथेच."

तो काही बोलणार, इतक्यात लॅपटॉपमधून उत्तर आलं.