स्पेनच्या टीव्हीवरचे गेणू शाहीर

बेडशाच्या समाजमंदिरात मुंगीला शिरायला जागा नव्हती. भिंतीवरच्या पडद्यावर गेणू शाहीर बोलत होते. आठ वर्षांमागं ज्यांना अख्ख्या गावानं खांदा दिला, तेच शाहीर स्पेन देशाच्या टीव्हीवर फाडफाड स्पॅनिश झाडत होते!

"ह्याच महिन्यात दाखवलंय तिकडं!" मठातला आकाशनाथ बाबा गरजला. "शाहीर गेलेले नाहीत, साता समुद्रापार प्रगटलेत! आठवा, दहाव्याला कावळा शिवला होता का?"

"न्हाई!" गाव एका सुरात ओरडलं. खरंच शिवला नव्हता. दुपारपर्यंत वाट बघून शेवटी दर्भाचा कावळा करावा लागला होता.

पुढं शाहिरांची बायको झुंबरबाई पदर तोंडाशी धरून बसली होती. तो न आलेला कावळा आठ वर्षं तिच्या उरावर बसला होता. लेक सविता लोणावळ्याहून न्यायला आली, की झुंबरबाई म्हणे, "त्यांचा जीव हितंच घुटमळतोय. घर बंद दिसलं तर जातील कुटं?" आता बाबानं सांगितलं होतं, "माय, घर मठाच्या नावावर कर, शाहीर देहानिशी परततील." आज त्या कागदावर तिचा अंगठा उठायचा होता.

कामशेतच्या शाळेत विज्ञान शिकवणाऱ्या जन्नत मॅडमना सवितानं मुद्दाम आणलं होतं. त्या उठल्या.

"बाबा, पडद्याच्या कोपऱ्यावर झेंडूची माळ कशाला?"

"दैवी स्पंदनं असतात बाई तिथं!"

"मग स्पंदनं जरा बाजूला सारते." त्यांनी माळ उचलली. मागं बारीक अक्षरं दिसली. त्यांनी मोबाइल धरून त्यांचा अर्थ पाहिला. "स्पॅनिशमध्ये लिहिलंय, जुन्या संग्रहातून. पुढचा आकडा तुम्हीच वाचा."

"एकोणीसशे अठ्ठ्याण्णव!" म्हातारा दत्तोबा उठून उभा राहिला. "आरं, लेणी बघाया गोरं पाव्हणं क्यामेरं घिऊन आलतं, तवाचं हाय हे! आन् मागं बांधलाय तो माझा सर्जा. त्यो बैलबी स्पेनात प्रगटला का रं बाबा?"

हशा पिकला.

"मग भाषेचं काय?" बाबा चवताळला. "शाहीर चौथी नापास!"

"ती भाषा दुभाष्याची. तिकडच्यांना मराठी कळत नाही, म्हणून शाहिरांचा आवाज बारीक करून वर त्याचा चढवलाय. सुरुवात ऐका."

मॅडमनी चित्रफीत मागं नेऊन आवाज वाढवला. स्पॅनिश सुरू व्हायच्या आधी क्षणभर शाहिरांचा घोगरा आवाज आला, "राम राम पाव्हणं. बसा, च्या घेऊनच जावा."

हसणं थांबलं. बाबा वायरी गुंडाळायला लागला.

"तेवढंच परत लावा," झुंबरबाई म्हणाली. मॅडमनी लावलं. मग पुन्हा एकदा.

"म्हंजी गेलेच म्हणायचं."

"हो मावशी. आठ वर्षं झाली."

"मग कावळा का न्हाई शिवला?"

"त्याचं पोट भरलेलं असेल, मावशी. कोण मेलंय, हे त्या पाखराला काय माहीत?"

तर मंडळी, माणसाचं चित्र मागं राहतं, आवाज मागं राहतो, माणूस राहत नाही. चमत्कार दाखवायला कुणी आला, तर हात जोडायच्या आधी विचारा, हे कधीचं, कुणी केलेलं, आणि ह्यात तुझा फायदा काय? एवढं विचारायला शाळा शिकलेली असावी लागत नाही.

सवितानं आईला हाताला धरून उठवलं. "आई, चल माझ्याकडं."

"येते. पर उद्या," झुंबरबाई म्हणाली. "आज मला एकटीला ऱ्हाऊ दे. त्यांच्यासाठी रडायचं ऱ्हायलंय माझं."