पाठमोऱ्या बाकांना निरोप

"मावशी, टार्मोनं ट्रंक उचलली की बाकं फिरणार. तुमचं पुढचं बोलणं कापलंय," दिग्दर्शक इल्पो हातातली संहिता मिटत म्हणाला.

साइमी डोक्याला रुमाल बांधत होती. गाठ अर्धवटच राहिली.

"आणि मी निरोप कधी द्यायचा?"

"मुलगा निघालाय हे लोकांना कळतंच की! उगाच रेंगाळतं हो. डास फोडून काढतात लोकांना."

तळ्याकाठच्या या नाट्यगृहात रंगमंच असा नव्हताच. मधोमध उतरत्या बाकांचा लोखंडी सांगाडा, तो चाकांवर फिरायचा. भोवती बर्चच्या झाडांत एकीकडे झोपडी, दुसरीकडे धक्का, पलीकडे गोठा. प्रसंग संपला की बाकं माणसांसकट पुढच्या जागेकडे वळत. एकदा पाठ फिरली की मागच्यांचं काम संपलं. नट सिगारेटी पेटवत, डास मारत बसत.

साइमी मात्र बसत नसे. इल्पोने निरोप कापला तरी ती तो रोज पुरता बोलायची, बाकांच्या मागच्या फळ्यांकडे बघत. तरण्या नट्या खुसखुसायच्या, "मावशी, फळ्या रडल्या का गं आज?"

"तुमच्यापेक्षा बऱ्या ऐकतात," ती म्हणायची.

नाटकात टार्मो तिचा मुलगा व्हायचा. खरं तर तो तिच्याहून दोन वर्षांनी मोठा! पण तिशीतच तिच्या वाट्याला आईपण आलं ते कायमचं. सिनेमात टार्मो नायक, तर ती त्याच्या घरची मोलकरीण, नाहीतर चुगलखोर शेजारीण. काय दिवस होते ते! उन्हाळा लागला की स्टुडिओची अख्खी वरात खेड्यात जायची. गवताच्या गंज्यांवर झोपायचं, गावच्या बायकांच्या हातची कॉफी आणि वेलदोड्याचा पाव खायचा, आणि उत्तरेकडच्या उन्हाळ्यात सूर्य मावळतच नाही म्हणून कॅमेरा चालूच. साइमीचं नाव कुणाला ठाऊक नसे, चेहरा मात्र साऱ्या देशाला. दुकानात बायका विचारायच्या, "तुम्ही आमच्या गावच्या ना हो?" ती हो म्हणायची. कशाला कुणाचा हिरमोड करा! आता टीव्ही आला, स्टुडिओ एकेक करून बंद पडत चालले, आणि असं विचारणारंही कुणी राहिलं नव्हतं. त्याचं तिला फार वाईट वाटे.

ऑगस्टमध्ये तिच्या कामाला तीस वर्षं होत होती. त्या दिवशी प्रयोगानंतर नटाचा सत्कार करायचा, फुलं, भाषणं, असा रिवाजच. काय हवं म्हणून विचारल्यावर तिने एकच मागणं मागितलं, "तेवढ्या दिवशी माझा निरोप होईपर्यंत बाकं थांबवा."

इल्पोचा चेहरा पडला. "मावशी, पलीकडे बँड तयार असतो. एकाचं ऐकलं की सगळे मागतील. हवं तर पुढच्या वर्षी मोठी भूमिका देतो."

"पुढच्या वर्षाचं कुणी पाहिलंय?" एवढंच ती म्हणाली. पदरी पडलं ते पवित्र मानायची तिला सवय होती, पण या वेळी ते जमेना. तिला रात्रभर झोप लागली नाही.

सत्काराच्या दिवशी बाकं गच्च भरली. टार्मोने ट्रंक उचलली आणि घरघर सुरू झाली. लोकांचे चेहरे एका बाजूने सरकत गेले आणि तिच्यापुढे नेहमीच्या फळ्या आल्या. टार्मोने आता झुडपांमागून धक्क्याकडे पळायचं. तो हललाच नाही.

"अरे, जा ना! खोळंबलेत तिकडे," ती पुटपुटली.

"खोळंबू देत. आईनं निरोप दिल्याशिवाय मुलगा जातो होय? बोल तू."

पलीकडे बँड वाजला, पुन्हा तोच तुकडा वाजला आणि थांबला. धक्का रिकामा होता. त्या शांततेत साइमीने सुरुवात केली, "ओले मोजे घालून झोपू नकोस. पत्र लिहायला काही नसलं तर पाऊस पडला का, तेवढंच लिही..."

वरच्या शेवटच्या रांगेतली एक बाई उठली आणि कठड्यावरून मागे वाकून पाहू लागली. मग तिच्या शेजारचा, मग आणखी चारजण. बघता बघता अख्ख्या कठड्यावर डोकीच डोकी. खालच्या रांगांतले लोकही पायऱ्या चढून येऊ लागले.

साइमीने वर पाहिलं. अख्खा उन्हाळा फळ्यांना ऐकवलेलं पुढचं वाक्य तिला काही केल्या आठवेना. झुडपाआडून नटांना विसरलेली वाक्यं पुरवणारी बाई हलक्या आवाजात ते सांगत होती, पण साइमीने ते घेतलं नाही. तिने निरोपाला नुसता हात वर केला.

कुणी टाळी वाजवली नाही. वर एका म्हाताऱ्याने डोक्यावरची टोपी काढून छातीशी धरली, आणि टार्मो धक्क्याकडे चालू लागेपर्यंत ती तशीच धरून ठेवली.